गाठोड्यावर बसलेल्या बायका

कापूस फुटला की चांदूर बाजारच्या रस्त्याने जायला मी टाळाटाळ करते. यंदाही केली. गुडघा दुखतो म्हटलं, घरी पाहुणे यायचेत म्हटलं, एकदा तर गाडी चुकली असंही ठोकून दिलं. पण परवा शेवटी निघावंच लागलं. अमरावती मागे पडून गाडी जरा मोकळ्यावर आली, तोच रस्त्याकडेच्या बाभळींवर पांढरे पुंजके दिसायला लागले. कापसाच्या गाड्या इथून ओथंबून जातात आणि बाभळी त्यांच्यातला मूठ मूठ कापूस ओरबाडून ठेवतात. लहानपणी आम्ही त्याला बाभळीची वेचणी म्हणायचो. शेजारी बसलेली बाई म्हणाली, "किती सुंदर दिसून राह्यलं ना वं, डोळे निवतात." मी हो म्हटलं आणि मोबाइलमध्ये डोकं खुपसलं.

माझे डोळे नाही निवत आता. ही पांढरी शेतं बघितली की मला लाज वाटते. साधीसुधी लाज. शाळेत असताना गणित चुकून बाकावर उभं केलं की वाटायची तशी, फक्त तेव्हा तास संपला की बसायला मिळायचं.

अमरावतीत आमची बायकांची एक संघटना आहे. शेतमजूर बाया, धुणीभांडी करणाऱ्या, नवऱ्याने टाकलेल्या, नवऱ्याला टाकलेल्या, अशा सगळ्या. शाळेतून निवृत्त झाल्यावर मी तिची सचिव झाले. सचिव म्हणजे सतरंजी झटकण्यापासून निवेदन लिहिण्यापर्यंत जे पडेल ते करणारी. तोंडाने मी फटकळ. तहसील कचेरीत माझा आवाज जिन्यापर्यंत ऐकू जातो असं बाया कौतुकाने सांगतात. मेळाव्यात माईक हातात आला की माझं ठरलेलं वाक्य असायचं, "बायांनो, लाज सोडा." टाळ्या पडायच्या. लाजेतली एक जात जवळ ठेवण्याजोगी असते, हे तेव्हा मला कोणी सांगितलं नाही, आणि सांगितलं असतं तरी मी त्या माणसाला बोलू दिलं नसतं.

दोन वर्षांमागची, चांदूर बाजारजवळच्या एका गावातली वेचणी. दिवाळी सरली होती, सकाळी दव इतकं पडायचं की पऱ्हाटीत, कापसाच्या झाडांत, शिरलं तर लुगडं गुडघ्यापर्यंत भिजायचं. कापसाच्या ओळींमधल्या तासांना तूर पिवळी फुलली होती. बाया पोटाशी ओटी बांधून ओळीने चालायच्या, दोन्ही हात सारखे चाललेले, ओटी भरली की धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, अंथरलेल्या कापडावर रिकामी करायची, संध्याकाळी त्याचं गाठोडं बांधायचं. केसांत, भुवयांवर कापसाचे तंतू. वाळल्या बोंडाची टोकं बोटांत घुसतात, नखांच्या कडा फाटतात, म्हणून प्रत्येकीच्या बोटांना चिंध्या गुंडाळलेल्या. हे सगळं मी लहानपणापासून बघत आलेय. पण त्या साली ते सगळं आम्ही दुसऱ्या कोणाला तरी दाखवत होतो, त्यामुळे आम्हीही पहिल्यांदाच बघितल्यासारखं झालं.

आजूबाजूच्या देशांतल्या बायकांच्या संघटनांची एक सभा मोबाइलवर झाली होती. पडद्यावर चौकोनच चौकोन, कोणी नेपाळची, कोणी श्रीलंकेची, निम्म्या जणींचा आवाज बंद आणि उरलेल्या निम्म्यांच्या घरात कुकरच्या शिट्ट्या. मला डुलकी लागायच्या बेतात होती. तेवढ्यात पाकिस्तानातली एक बाई, सिंधमधली, काहीतरी 'फुट्टी, फुट्टी' म्हणायला लागली, आणि शेजारी बसलेल्या नसरीनने माझ्या मांडीवर चापट मारली. "बाई! कापूस म्हणून राह्यली ती! त्यांच्याकडच्या बाया बी कापूस वेचतात!"

नसरीन आमच्या अकोला शाखेची. जुन्या शहरात, मोर्णा नदीच्या पुलापलीकडे, एका गल्लीत वरच्या मजल्यावर तिचा शिवणक्लास आहे. उर्दू तिची घरची, वऱ्हाडी गल्लीतली, मराठी शाळेतली. त्या सभेनंतर दोन्हीकडच्या संघटनांनी ठरवलं की वेचणी असेपर्यंत आठवड्यातून एकदा बोलायचं. भाषांतराचं काम नसरीनने आपणहून अंगावर घेतलं. त्या दिवशी अकोल्याहून ती पहाटेच्या गाडीने निघायची, मूर्तिजापूरला उतरून आमच्यासाठी गरम भजे बांधून घ्यायची, आणि ते गार झालेले भजे आम्ही वावरात संध्याकाळी खायचो.

पहिल्या दिवशी फोन पाण्याच्या कॅनला टेकवून ठेवला होता. बाया लाजून एकमेकींच्या मागे लपत होत्या. पडद्यावर एक बाई आली. हडकुळी, डोक्यावर रंगीत ओढणी, मनगटापासून दंडापर्यंत पांढऱ्या बांगड्या. मागे एक झोपडी आणि शेळीचा आवाज. नसरीनने नाव विचारलं. ती म्हणाली, "जमना."

"जमना?" आमची यशोदाबाई एकदम पुढे सरकली. "अवं, म्हंजे यमुनाच की! हे तं आपल्यातली निघाली, वं माय!" आणि एवढा वेळ लपणाऱ्या बाया फोनभोवती गोळा झाल्या. कोणी हात जोडले, कोणी बांगड्या दाखवल्या. परकी बाई परकी नाही म्हटल्यावर सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. नसरीन त्यांच्या मधोमध बसली होती. तिने ओढणी सारखी केली आणि भाषांतर पुढे चालू ठेवलं. मला ते दिसलं होतं. मी भज्यांचा पुडा तिच्याकडे सरकवला. तेवढंच केलं.

यशोदाबाई चांदूर बाजारजवळच्या त्या गावातली आमची पुढारी. बौद्धवाड्यातलं घर, नवरा गेलेला, दोन्ही पोरींना बारावीपर्यंत शिकवलेली. बोलायला लागली की थांबत नाही, आणि प्रत्येक बोलण्याची सुरुवात 'जय भीम'ने. पहिल्या दिवशी तिने जमनेलाही जय भीम घातला. जमनेने विचारलं, हा भीम कोण? झालं. त्या दिवशीचं वेचणीचं बोलणं बाजूला राहिलं. यशोदाबाईने बाबासाहेब सांगायला सुरुवात केली. नेट अडकायचं, चित्र गोठायचं, आवाज विहिरीतून यायचा, तरी ती थांबेना. नसरीनला उर्दू शब्द सापडेनात, तर ही म्हणते, "तू नुसतं सांग, आमाले वाकू नका म्हणाले, एवढं सांग." नसरीनने सांगितलं. तिकडे जमनेने वळून झोपडीतल्या कोणाला तरी हाक मारली आणि म्हणाली, परत सांगा, माझ्या सासूला ऐकायचंय.

असे ते दिवस. त्यांच्याकडे पहिल्या दिवशी शेतात दूध शिंपडतात, आपल्याकडे सीतादहीला, पहिल्या वेचणीच्या पूजेला, दहीभात. यावर अर्धा तास गेला. बोटांना काय लावता? आमच्या बाया खोबरेल म्हणाल्या, तिकडच्या मोहरीचं तेल म्हणाल्या, आणि दोन्हीकडच्यांनी आपली भेगाळलेली बोटं पडद्याशी इतकी जवळ आणली की नुसत्या रेघाच दिसायला लागल्या. त्यांत कोणती बोटं कुठली ते मला ओळखता येईना. मी पस्तीस वर्षं भूगोल शिकवला. भिंतीवरच्या नकाशात सिंधू नदी छडीने दाखवली, आणि तिच्या काठाला कोणी माणूस राहतं हे माझ्या डोक्यातही आलं नव्हतं.

एकदा गोष्ट काट्यावर आली. गाठोडं तोलायच्या काट्यावर. आपल्याकडे संध्याकाळी झाडाच्या फांदीला स्प्रिंगचा काटा टांगतात, त्यावर गाठोडं तोलतात, किलोवर मजुरी. काटा मालकाचा, डोळे मालकाचे, आकडाही तोच सांगणार. यशोदाबाई म्हणाली, "दिवसभर येचलेलं संध्याकाळी कुठं जाते काय माहीत. गठोडं डोक्यावर घेतलं तं मान मोडते, काट्यावर टांगलं तं फूल होते." जमना हसायला लागली. म्हणाली, आमच्याकडे पण व्हायचं. मग तिने त्यांची युक्ती सांगितली. दुकानातली सीलबंद आट्याची थैली घेऊन जायची. आधी ती काट्याला टांगायची. थैलीवर छापलेलं वजन आणि काट्याचा आकडा जुळला, तरच गाठोडी द्यायची. आणि तोवर प्रत्येकीने आपापल्या गाठोड्यावर बसायचं. भांडायचं नाही, ओरडायचं नाही. नुसतं बसायचं.

"बसलेल्या बाईला उठवायला लाज वाटते माणसाला," जमना म्हणाली, असं नसरीनने सांगितलं.

आमच्या बायांनी आट्याऐवजी मिठाचे सीलबंद पुडे नेले. एका पिशवीत पाच. संध्याकाळी काटा टांगल्यावर यशोदाबाईने पिशवी पुढे केली आणि बाकीच्या सगळ्या आपापल्या गाठोड्यावर बसल्या. मालक आधी हसला. "मिठाची दुकान मांडली का वं?" मग चिडला, मग धुऱ्यावर येरझारा घातल्या, मग बाईकवरून कुठेतरी जाऊन आला. बाया बसून होत्या. ऊन उतरलं, गारवा सुटला, पक्षी तुरीत शिरले. कोणी कोणाच्या केसांतला कापूस काढत होती. मी धुऱ्यावर उभी होते, आणि मला काही करायचं नव्हतं, याचा मला केवढा आनंद झाला होता! शेवटी मालकाने पिशवी टांगली. पाच किलोचं मीठ काट्यावर चारालाही पोचेना. माणूस वाईट नव्हता. तोच आकड्याकडे बघत राहिला. म्हणाला, "बापाच्या वेळचा काटा हाय हो, मीबी कधी तपासला नाही." चारच दिवसांत नवा काटा आला.

पुढच्या बोलण्यात हे जमनेला सांगितलं तर तिकडे एकच गलका झाला. म्हाताऱ्या सासूला बाहेर आणलं, तिला परत सांगायला लावलं. कोणीतरी थाळी वाजवली. जमना ओढणीच्या टोकाने डोळे पुसत म्हणाली, "हमारी बात वहाँ चली?" आमची गोष्ट तिथे चालली? यशोदाबाई म्हणाली, "चालली काय, पळाली!"

हे भाषांतर करताना नसरीनला हसू आवरेना. त्या संध्याकाळी अकोल्याची शेवटची गाडी तिने मुद्दाम सोडली आणि यशोदाबाईच्या घरी राहिली. दुसऱ्या दिवशी दोघी एकमेकींच्या अंगाला चिकटून वेचायला गेल्या. नसरीनची ओटी काही भरली नाही, पण बोटं मात्र भरपूर फाटली.

मार्चमध्ये, महिला दिनाला, अमरावतीत आमचा सत्कार झाला. मोठं सभागृह, शाल, श्रीफळ, गुलाबी फेटे. काट्याची गोष्ट तोवर पाच-सहा गावांत पसरली होती. सूत्रसंचालन करणाऱ्या पोरीने आमच्या अध्यक्षबाईंना विचारलं, ही भन्नाट कल्पना सुचली कुठून? अध्यक्षबाई क्षणभर थांबल्या. समोर दोन-तीन कॅमेरे होते, पहिल्या रांगेत पाहुणे होते. मग त्या हसून म्हणाल्या, "ही आमच्या आज्यापणज्यांची जुनी वऱ्हाडी रीत आहे. आम्ही फक्त तिची धूळ झटकली."

टाळ्या कडाडल्या. मीही वाजवल्या. तोवर सीमेवर काही झालेलं नव्हतं, कोणी कोणाला काही विचारलं नव्हतं. नुसतं त्या देशाचं नाव त्या सभागृहात घ्यायचं नव्हतं, एवढंच. पोटभर जेवून ताटावरून उठावं आणि रांधणारीचं नाव न घेता निघून जावं, तसं आम्ही केलं. यशोदाबाई माझ्या शेजारी फेटा घालून बसली होती. ती माझ्या कानाशी येऊन म्हणाली, "अध्यक्षबाई इसरल्या वाटते." मी म्हटलं, "असू दे, नंतर सांगू."

मग उन्हाळा आला. अकोल्याचा उन्हाळा काय सांगावा, दुपारी मोर्णेचा पूल चालत ओलांडला तर चपलेतून तळपाय भाजतात. त्या उन्हाळ्यात दोन्ही देशांत तणाव वाढला आणि प्रत्येक घरातला टीव्ही दिवसभर ओरडायला लागला. जमनेकडच्या बायांसोबतचा आमचा मोबाइलवरचा ग्रुप गप्प झाला. कोणी काही ठरवलं नव्हतं. आधी एकीने ग्रुप सोडला, मग दुसरीने. मी सोडला नाही. मी नुसती कोणी बघितलं ते कळणारी निळी खूण बंद करून ठेवली. मला तेव्हा ते फार शहाणपणाचं वाटलं होतं.

सिंधमध्ये कापूस आपल्या आधी फुटतो. आपल्याकडे पऱ्हाटी पात्यावर, नुसत्या कळीवर असते तेव्हा तिकडे वेचणी लागलेली असते. पावसाळा संपत आला होता, पोळा झाला होता, आणि जमनेचा निरोप आला. आवाजात नेहमीचं हसू नव्हतं. त्यांच्या जमीनदाराने गाठोड्यावर बसण्याला चोरी ठरवलं होतं. माझा माल अडवून धरला, दंगा केला, असं म्हणत त्याने त्याच्या जमिनीवरची त्यांची झोपडी खाली करायला सांगितली होती. जमना आणि तिच्यासोबतच्या बायांनी दाद मागितली होती. सुनावणी घेणारी एक बाई होती. ती म्हणाली होती, असं बसणं शांततेत होतं आणि मालकही मानतात, असं दुसरीकडे कुठे झालं असेल तर दाखवा. जमनेचं मागणं एवढंच होतं. तुमच्या तोंडाने सांगा. दोन मिनिटांचा व्हिडिओ करा. तुम्ही बसलात, चोरी केली नाही, काटा बदलला.

सोबत तिने हेही सांगितलं होतं. हिंदुस्तानातल्या बायांचं बोलणं दाखवून आमचंच नुकसान होईल अशी काळजी तुम्हाला वाटेल. ते आमचं आम्ही बघू, आम्ही विचार करून मागतोय. तुम सिर्फ सच बोल दो, बहन.

यशोदाबाईला सांगितलं मात्र, ती धुऱ्यावरच उभी राहिली. "घ्या व्हिडिओ. आत्ता घ्या." वेचणी सुरू व्हायची होती, म्हणून घरातलं जुनं गाठोडं आणून ती त्यावर बसली. पदर नीट केला आणि कॅमेऱ्यात बघून म्हणाली, "जय भीम, जमना. मी यशोदा. आमी बसलो होतो गठोड्यावर. कोणाचा कापूस चोरला नाही, कोणाले शिवी देली नाही. मालकानं काटा बदलला. आजबी आमी त्याच्याच वावरात कामाले जातो. हे तूच शिकवलं आमाले. तुही झोपडी कोणी हालवू नये, बाई." मग माझ्याकडे वळून, "बरं झालं का? पुन्हा घ्याचा का?" मी म्हटलं, छान झालं.

तो व्हिडिओ पाठवायला अंगठा पुरला असता. पण आम्ही संघटना. संघटना म्हटली की सभा आली. सभा अकोल्यात ठेवली, नसरीनच्या शिवणक्लासमध्ये. खाली गल्लीत माणसांचा कलकलाट, वर मशिनी झाकून ठेवलेल्या, सतरंजीवर कापडाचे तुकडे. एक जण म्हणाली, शेवटी देशाचा प्रश्न आहे. दुसरी म्हणाली, जमनालाच त्रास होईल, आपण तिचंच भलं बघतोय. मी म्हणाले की ते तिने आधीच सांगितलंय. अध्यक्षबाई म्हणाल्या, "आणि नसरीनचं काय? उद्या कोणी विचारलं की हा दुवा कोणाचा, तर बोट कोणाकडे जाईल?"

नसरीन चहाचे कप घेऊन उभी होती. तिने ट्रे खाली ठेवला. "माझ्यासाठी थांबत असाल तं नका थांबू," ती म्हणाली. "माझं नाव नका घेऊ, बस. व्हिडिओत यशोदाबाई आहे. पाठवणार तुम्ही. तुम्हाले कोण काय म्हणणार, बाई?"

शेवटचं वाक्य ती माझ्याकडे बघून म्हणाली. आणि खरंच होतं ते. माझं आडनाव, माझं घर, माझं अमरावतीतलं नाव, माझे शिकवलेले निम्मे विद्यार्थी आज कचेऱ्यांतून बसलेले. मला कोण काय म्हणणार होतं? मी चहाच्या कपात बघत राहिले. अध्यक्षबाई म्हणाल्या, परिस्थिती निवळू द्या, मग पाहू. 'विषय पुढील सभेत घ्यावा' हे वाक्य सचिव या नात्याने मीच लिहिलं. अक्षर माझं चांगलंच आहे.

परतीच्या बसमध्ये मी स्वतःशी भांडत आले. तहसीलदाराच्या टेबलावर हात आपटणारी बाई ती हीच का? मग म्हटलं, ठरावाच्या बाहेर एकटीने जायचं नसतं, शिस्त असते. घरी पोचेपर्यंत माझं समाधान झालं होतं. माणसाला स्वतःची समजूत घालायला अमरावती-अकोला एवढं अंतर पुरतं.

मध्ये मध्ये जमनेचा निरोप यायचा. "बहन, भेजा?" काही दिवसांनी नुसतं, "बहन?" मी वाचायचे आणि फोन उलटा ठेवायचे. पुढची सभा दिवाळीमुळे झाली नाही. आणि यशोदाबाई भेटली की विचारायची, "गेला का व्हिडिओ?" पहिल्यांदा मी म्हटलं, नेट नाही. दुसऱ्यांदा म्हटलं, गेला.

मग थंडी पडायला लागली, आपल्याकडचा कापूस फुटला, आणि नसरीनने मला अकोल्याला बोलावून घेतलं. फोनवर सांगण्यासारखं नाही म्हणाली. क्लास सुटलेला होता. तिने खिडकी लावून घेतली आणि जमनेचा निरोप ऐकवला. तो मी त्या खोलीत तिच्यासोबत ऐकला आणि मग माझ्या फोनवर घेतला.

जमना दमलेली वाटत होती, पण रागावलेली नव्हती. म्हणाली, सुनावणी होऊन गेली. आम्ही आता कालव्याच्या काठावर राहायला आलोय, बरं आहे, पाणी जवळ आहे. सासूला थंडी सोसत नाही, एवढंच. तुमचा व्हिडिओ आला नाही, पण वाईट वाटून घेऊ नका. मी इथे सगळ्यांना सांगितलं, त्या बायका गप्प बसणाऱ्या नाहीत, त्यांच्या दारात पोलीस बसले असतील, त्यांना धमक्या आल्या असतील, त्याशिवाय त्या थांबायच्या नाहीत. आम्ही तुमच्यासाठी दुवा मागतो. माझ्यामुळे तुमच्यावर आणखी संकट नको, म्हणून मी तुमचे सगळ्यांचे नंबर आज मिटवून टाकतेय. नसरीन बहनला जपा. तिला एकटीला सोडू नका.

नसरीन मशिनीवर हात ठेवून उभी होती. मी तिच्याकडे बघेना, ती माझ्याकडे बघेना. मी त्या नंबरवर फोन लावला, एकदा, दोनदा. घंटीच जाईना. मग मी नसरीनला म्हटलं, माझं चुकलं. ती म्हणाली, "मले कशाले सांगता, बाई?" आणि कात्रीने टेबलावरचे धागे कापत बसली. अजून ती संघटनेत आहे. सभेला येते, चहा करते. मूर्तिजापूरला उतरून भजे मात्र आणत नाही.

वर्ष झालं याला. या वर्षात मी तो निरोप किती वेळा ऐकला असेल, मोजलं नाही. शिव्या दिल्या असत्या तर मी सहन केल्या असत्या. बाईने आम्हाला शूर समजून माफ केलं, हे मला गिळता येत नाही.

आणि परवा मी चांदूर बाजारला उतरले आणि वावरात गेले. यशोदाबाई तासात होती, ओटी अर्धी भरलेली, बोटांना चिंध्या. मला बघून तिथूनच ओरडली, "आल्या का बाई! यंदा जमनेसंगं बोलणं कधी हाय? रागावली का काय ते आपल्यावर?"

मी म्हटलं, तिचा निरोप आहे, ऐका. आणि फोन तिच्या कानाला लावला. आताशा तिला जमनेचं बोलणं निम्मं तरी कळतं, उरलेलं मी सांगितलं. कालवा सांगितला, सासू सांगितली. व्हिडिओ गेला नव्हता तेही सांगितलं. तिचे हात आधी चालत होते, मग थांबले. तिने फोन माझ्या हातात दिला आणि माझ्याकडे नीट बघितलं. तिच्या चेहऱ्यावर माझ्याबद्दलची काळजी होती.

"माय वं," ती म्हणाली, "एवढं झालं अन् मले सांगतलं नाही? पोलीस आल्ते का तुमच्या घरी?"

हो म्हणणं इतकं सोपं होतं! तिने हातातच दिलं होतं.

"कोणी नाही आलं," मी म्हटलं.

"नसरीनकडं?"

"तिच्याकडेही नाही. कोणी विचारलंसुद्धा नाही, यशोदाबाई. कोणीच नाही."

बोंडातून अर्धा ओढलेला कापूस तिच्या बोटांत होता.

"मंग काहून, बाई?"

तिच्या आवाजात राग नव्हता. का, ते तिला खरंच जाणून घ्यायचं होतं.